कात्री गार होतेय

आजारातून उठल्यापासून शिंप्याच्या तोंडी भलतेच शब्द येत. एकदा चहाला तो कात्री म्हणाला, गिऱ्हाईक फिदीफिदी हसलं, तेव्हापासून त्याने तोंडाला कुलूपच घातलं. बायकोला घर खायला उठलं. एका सकाळी विचित्र वारा सुटला आणि गल्लीभर शब्दांचे अर्थच बदलून गेले. दूधवाला ओरडला, "ताई, उशी घ्या!" शेजारीण नवऱ्यावर खेकसली, "अहो, भोपळ्याला कडी लावा!" शिंपी पोट धरून हसला, बायकोला म्हणाला, "मलाही कात्री दे." तिने चहा दिला. दिवसभर दोघं मनसोक्त बोलली. संध्याकाळी वारा पडला, अर्थ जागेवर आले, त्याचे ओठही मिटले. दुसऱ्या दिवशी भरल्या दुकानात कप पुढे करत ती मोठ्याने म्हणाली, "अहो, कात्री गार होतेय." गिऱ्हाइकं तिला हसली. ती ढिम्म उभी. त्याने घोट घेतला. "बटणं कमी पडलीत." तिने साखर घातली.