नावानं हाक

परक्या पाण्यातून निघताना नाव घेऊन हाक मारायची, म्हणजे माणूस अख्खा घरी येतो, असं शिवगंगेची आई सांगायची.

मेक्सिकोच्या सहलीत सकाळी माया लोकांची पडकी देवळं बघून झाली. दुपारी तिचा नवरा भरमाप्पा आडासारख्या खोल डोहात मनसोक्त पोहला. गाईडनं निघायची शिट्टी वाजवली. पण चारचौघांत नवऱ्याचं नाव कसं घ्यायचं?

"अवो, चला की घरला," एवढंच ती म्हणाली.

पुढं तिथल्याच, स्पॅनिश लोकांनी वसवलेल्या जुन्या गावात भरमाप्पा गप्पच होता. गडहिंग्लजला घरी आल्यावरही हूं नाही की चूं नाही.

आज तो भाकरीला हात न लावता ताटावर बसून राहिला. शेवटी शिवगंगेनं जन्मात पहिल्यांदा नावानं हाक मारली, "भरमाप्पा!"

त्यानं मान वर केली नाही.

परसातल्या आडातनं त्याचा आवाज आला, "आलो की गं! दोर सोड."