एका दमाचं गाणं

“आज वन्स मोअर आला नाही, तर उद्यापासून वैद्याचं काम दुसऱ्या तरुण नटाला,” मॅनेजर म्हणाले आणि उत्तराची वाट न बघता निघून गेले.

भिंगरी विंगेत फेऱ्या मारू लागला. वैद्याची झोळी या खांद्यावरून त्या खांद्यावर. टोपी काढली, घातली, पुन्हा काढली. सगळी हयात विनोदी संगीतिकांत गेलेली. कोरसच्या मागच्या रांगेतून तो पुढे आला तो या एका गाण्यामुळे. भोंदू वैद्य जगातले सगळे आजार एका दमात गातो, इतके भराभर की हसून हसून लोकांची पोटं दुखायची. भिंगरी हे नावही या गाण्यानेच दिलेलं.

आता तेच गाणं रेंगाळायचं. लोक मध्येच खोकायचे. पेपरात छापून आलं, भिंगरी थकली.

थकला तो नव्हताच. थकले होते मास्तर. वाद्यवृंदापुढे काठी घेऊन उभे राहणारे मास्तर काही वर्षांपूर्वी मोठ्या दुखण्यातून उठले, आणि त्यांचा हात जड झाला. गाता गाता श्वास कुठे चोरायचा, हे त्यांनीच त्याला शिकवलेलं. त्याने मनाशी नेम धरला, मास्तरांच्या हातापुढे एक अक्षरही जायचं नाही. आजवर तो पाळला होता.

“अहो, आज तरी पळा पुढे,” बायको म्हणाली. ती याच खेळात घरमालकीण व्हायची. गालावर काळ्या रंगाचा मोठा तीळ होता. “घरी न्हाणीघरात कसे सुटता! शेजारी भिंत ठोकतात.”

“अगं, वाद्यं मागे पडली तर मास्तरांना घरी बसवतील.”

“आणि तुम्हाला बसवलं म्हणजे? जुन्या टाळ्या शिजवून खायच्या?”

त्याच्या प्रवेशाचे सूर वाजले. तो रंगमंचावर गेला.

मास्तरांची काठी सावकाश उठली. पहिलं कडवं पायात बेडी घातल्यासारखं गेलं. पुढच्याच रांगेत एका बाईने तोंडावर हात धरून जांभई दिली. तेवढ्याने त्याचा नेम मोडला. ‘माफ करा, मास्तर,’ तो मनात म्हणाला. डोळे मिटले, छाती भरून श्वास घेतला आणि सुटला.

वाद्यं मागे पडली नाहीत. त्याने दचकून डोळे उघडले. मास्तरांची काठी दिसतच नव्हती, हवेत नुसती रेघ थरथरत होती. तो आणखी धावला. तीही धावली. लोक उठून ओरडायला लागले. एक वन्स मोअर झाला, दुसराही झाला.

पडदा पडल्यावर मास्तर धापा टाकत विंगेत आले. भिंगरी मान खाली घालून उभा राहिला. मास्तरांनी त्याचा कान धरला.

“गाढवा, तुझ्यात एवढा दम शिल्लक होता? मग इतकी वर्षं मी कोणासाठी हात आवरून धरला?”