तिसरा अहवाल

१९७८ साली न्यायालयाने हुकूम दिला, की चुलत्याने घरी राबवायला ठेवून घेतलेल्या आठ वर्षांच्या मथुराला तिच्या आईच्या स्वाधीन करावे. त्याच्या अंमलबजावणीसाठी हवालदार दिवाकर तिसऱ्यांदा गास गावातल्या चुलत्याच्या वाडीत आला होता.

“पोरगी आत्याकडे गेलीय हो, जमादार. बसा, चहा घ्या,” चुलता भालचंद्र याही खेपेस म्हणाला. दिवाकरने याही खेपेस सुवाच्य अक्षरांत लिहिले : ‘मुलगी घरी आढळून आली नाही.’ तिची आई सकाळपासून ठाण्याच्या पायरीवर बसून आहे, हे लिहिण्यासाठी अहवालात रकाना नव्हता.

कपबशी समोर आली, तेव्हा मान वर करण्याचे धैर्य त्याला झाले नाही.



“जमादारकाका, मागच्या दोन्ही वेळेसारखी साखर जास्त घातलीय,” मथुरा म्हणाली.