वेल्श म्हणजे परके

माझ्या आजोबांनी काढलेल्या, बंगळुरातल्या जयनगरच्या मराठी मंडळात १९९८ साली प्रथमच माझं भाषण ठरलं. विषय होता, रोमन फौजा निघून गेल्यावरचं ब्रिटन. मी इतिहासाचा निवृत्त मास्तर, पण सभेत बोलायची भीती, म्हणून अक्षर न् अक्षर लिहून नेलं होतं. नोकरीसाठी पुण्याहून नुकताच आलेला सुशांत आता मंडळाचा चिटणीस होता. पहिलंच पान पाहून तो हसला. “‘स्वल्प वर्षांतच सॅक्सन आले’? स्वल्प? काका, हे कानडी वळणाचं मराठी तुमच्या घरात चालेल. आज निम्मं सभागृह पुण्याचं आहे, लोक टिंगल करतील. मीच वाचतो ना!” “सरी,” मी म्हणालो, ‘बरं’ म्हणायला मला दुसरा शब्दच आठवला नाही. पानं दिली. त्याने सुरेख वाचलं. सॅक्सनांनी जमीन घेतली, आणि पिढ्यानपिढ्या तिथेच राहणाऱ्यांना ते वेल्श म्हणू लागले. वेल्श म्हणजे त्यांच्या भाषेत परके. “आपल्याच देशात परके? काय बावळट लोक!” मागून कुणी ओरडलं, आणि सभागृह खळखळून हसलं. चहाच्या वेळी सुशांतची बायको श्वेता माझ्यापाशी आली. “बसा अक्का,” मी इथल्या सवयीने म्हटलं. “काका, तुम्ही कानडी ना? मराठी किती छान शिकलात हो! किती वर्षं बोलताय?” आमचं घराणं शहाजीराजांबरोबर, १६३८ साली, बंगळुरात आलं होतं. “तीनशे साठ,” मी म्हणालो. ती टाळी वाजवून हसली, आणि कानडी काकांचा विनोद नवऱ्याला सांगायला धावली.