अजितचा गठ्ठा

"माझा गठ्ठा फोडतायत आता," अजित फोनवर म्हणाला. "मी बाद झालो."

मंजिरीने फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला. वेरिबी उपनगरातल्या त्या छोट्याशा पुढच्या अंगणात टेबलापलीकडे मूळची लिथुआनियाची दायवा बसली होती, मास्क हनुवटीवर ओढून चहा पीत. काउन्सिलच्या निवडणुकीत तिच्या वॉर्डातून तिघे उभे होते. मतं सगळी पोस्टाने आलेली, प्रत्येकावर तिघांसमोर एक, दोन, तीन असे पसंतीचे आकडे. आधीपासूनचा काउन्सिलर कॉलिन पुढे होता, पण जिंकायला लागणारी निम्म्याहून जास्त मतं त्यालाही नव्हती. दायवा दुसरी, अजित तिसरा. आता अजितच्या मतपत्रिका उलगडून, दोन नंबर कोणाला दिलाय ते बघून, त्या उरलेल्या दोघांत वाटायच्या होत्या.

"फार आशा ठेवू नकोस," अजित म्हणाला. "माझ्या प्रचारपत्रकावर 'दोन नंबर कॉलिनला द्या' असंच छापलं होतं मी. आणि मंजिरी, आपल्या मराठी ग्रुपवर तुला काय म्हणतात, माहितेय ना?"

"लिथुआनियाची सून."

"मी नाही हं ठेवलं ते नाव."

"पण हसलास तूच पहिला. ऑनलाइन आरतीत माइक चालू होता तुझा."

अजितने फोन ठेवला. मोजणीच्या हॉलमध्ये फोनला बंदी होती. तो आत जाऊन बघायचा आणि पार्किंगमध्ये येऊन सांगायचा. दायवाने स्वतःचा माणूस तिथे पाठवलाच नव्हता.

"कोणाला तरी पाठवायला हवं होतं," मंजिरी म्हणाली. "आता हा सांगेल तेच खरं."

"सांगेल. त्यालाही राहवत नाहीये."

मंजिरी उठून नळापर्यंत गेली आणि उगाचच परत आली. युनिव्हर्सिटीत ती दायवाची विद्यार्थिनी होती. वेअरहाउसमधले लोक ताप अंगावर काढून शिफ्टला जातात, कारण रजा घेतली तर पगार नाही, यावर दायवाने अहवाल लिहिला. कोविड टेस्टिंगची गाडी वेअरहाउसच्या दाराशी उभी करा, एवढंच त्यात मागितलं होतं. कोणी उत्तरही दिलं नाही. मग साठीची ही अर्थशास्त्रज्ञ बाई निवडणुकीला उभी राहिली. लॉकडाउनमध्ये दारोदार जायची सोय नव्हती. मंजिरीने ओळखीपाळखीतून फोन नंबर मिळवून दिले आणि एक मराठी वाक्य पाठ करून घेतलं.

"पहिलं मत अजितला द्या," दायवा प्रत्येक मराठी घरात फोन करून सांगायची, "दुसरं मला."

लोक आधी हसायचे. मग विचारायचे, जेवलीस का? मग आपल्या शिफ्टबद्दल बोलायला लागायचे, आणि दायवा मंजिरीला खुणेने जवळ बोलवायची, कारण पुढचं मराठी तिला येत नसे.

पहिलं मत मागायचंच नाही, ही कल्पना मंजिरीची. आपली माणसं आपल्या माणसाला सोडणार नाहीत, हे तिला पक्कं ठाऊक होतं. आग्रह केला असता तर दुसरंही गेलं असतं. आज ते दुसरंही कॉलिनकडे गेलेलं निघालं, तर अपयश तिच्या माथी होतं. आणि दाराशी गाडी येणार नव्हती.

"तुला टेन्शन कसं येत नाही?" तिने चिडून विचारलं.

"येतंय की." दायवाने कप खाली ठेवला. "मी वाढले तिथे मतं मोजायच्या आधी निकाल छापून तयार असायचा. कोण येणार ते लहान पोरांनाही माहीत. आज मला खरंच माहीत नाहीये, मंजिरी. जरा मजा घेऊ दे."

फोन वाजला. मंजिरीने झडप घालून तो उचलला आणि स्पीकरवर टाकला.

"अजित?"

पलीकडून पार्किंगमधल्या गाड्यांचा आवाज येत होता.

"अरे बोल ना!"

"कोणी ऐकलंच नाही गं माझं," अजित म्हणाला. "दोन नंबर, दायवा. दोन नंबर, दायवा. एकामागून एक. कॉलिनचा माणूस माझ्याकडे असा बघत होता, जसं काही मीच लिहिलंय ते."

"म्हणजे?"

"म्हणजे काय? आली तुझी बाई! चांगली भरघोस मतांनी आली. आणि ती सगळी माझी आहेत, हे सांग तिला," शेवटचं वाक्य त्याने इंग्रजीत म्हटलं.

"मी ऐकतेय, अजित," दायवा इंग्रजीत म्हणाली. "तुझीच आहेत. थँक यू, मेट."

"नो वरीज," अजित म्हणाला, आणि जरा थांबून, "काउन्सिलर."

मंजिरी किंचाळली. त्या शांत, महिनोन्‌महिने कोंडलेल्या रस्त्यावर ती किंचाळी पार टोकापर्यंत गेली असावी. शेजारचं दार उघडलं. मग त्याच्या पलीकडचं. "काय झालं? कोणाला काही झालं का?" कुणीतरी हिंदीत विचारलं.

"जीत गई!" मंजिरी ओरडली. "हमारी दायवा जीत गई!"

लोक आपापल्या ड्राइव्हवेच्या टोकाशी येऊन उभे राहिले. कुणी टाळ्या वाजवल्या, कुणी भांडं आणून बडवलं. समोर, जिथे लॉनवर कॉलिनच्या नावाची पाटी अजून उभी होती, तिथला म्हातारासुद्धा काठी टेकत बाहेर आला आणि त्याने काठी वर उचलली.

दायवाने मास्क नाकावर चढवला आणि फाटकाबाहेर आली. सगळ्यांचे चेहरे डोळ्यांखाली झाकलेले. यातल्या कोणी तिला एक नंबर दिला, कोणी दोन, कोणी तीन, काही कळायला मार्ग नव्हता. रस्त्याच्या एका टोकापासून तिने सुरुवात केली, आणि एकही घर न सोडता प्रत्येकाला हात करत ती चालत गेली.