डावा कल्ला

"मान सरळ ठेवा, अण्णा," म्हणत न्हाव्याने वडिलांच्या गालाला फेस लावला.

दुकानाच्या सुट्टीच्या दिवशी सकाळी बापाची दाढी, हा घरचा नेम. अण्णाही न्हावीच, ह्याला वस्तरा धरायला त्यांनीच शिकवलेलं. त्यामुळे दाढी उरकली की आरसा हातात घ्यायचा आणि लेकाची बिनपाण्याने करायची, हाही नेमच. "कल्ले बघ, एक वर, एक खाली. गिऱ्हाईकं परत कशी येतात रे तुझ्याकडे?" बाहेर लोक त्याच्या हाताची तारीफ करत, अण्णांच्या तोंडून कौतुक म्हणजे उंबराचं फूल.

हल्ली अण्णा विसरत चालले होते. जेवण झालं तरी ताटाची वाट बघत बसायचे. परवा तर आपल्याच घराच्या दारात "येऊ का आत?" विचारत उभे राहिले. डॉक्टरांनी सांगायचं ते सांगितलं होतं, पण न्हाव्याचा भरवसा आरशावर. बोलणी खायला मिळताहेत तोवर आपले अण्णा आहेत, असं त्याने मनाशी धरलेलं.

गेल्या खेपेला ते काहीच बोलले नव्हते. म्हणून आज त्याने डावा कल्ला मुद्दाम बोटभर वर उडवला. असलं काम जन्मात केलं नव्हतं; लाज वाटली.

तोंड पुसून त्याने आरसा धरला. बायको ओल्या हातांनी स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. तिला सगळं ठाऊक होतं.

"बघा, अण्णा. नीट बघा."

अण्णांनी मान इकडे वळवली, तिकडे वळवली. डाव्या कल्ल्यावरून बोट फिरवलं. न्हाव्याचा जीव टांगणीला लागला. बोला की, अण्णा.

"वा, छान केलीत," अण्णा म्हणाले. "हात हलका आहे तुमचा. कुठे शिकलात?"

बायको मागच्या मागे आत गेली.

"वडिलांकडे," तो कसाबसा म्हणाला. जन्मभर वाट पाहिलेलं कौतुक आलं, ते असं, परक्याच्या वाट्याचं. त्याला हुंदका फुटणार होता, पण त्याने आरसा ठेवून वस्तरा उचलला; वस्तरा हातात असताना हात हलू द्यायचा नाही, हेही अण्णांनीच शिकवलेलं.

"नीट शिकवलंय हो त्यांनी," म्हणत अण्णा उठायला लागले.

त्याने त्यांच्या खांद्यावर हात ठेवून त्यांना पुन्हा बसवलं.

"थांबा जरा. कल्ले वर-खाली झालेत," तो म्हणाला, आणि उजवा कल्ला डाव्याच्या रेषेत आणायला लागला.