पोपटाचं बक्षीस

चन्नाप्पांनी ताटलीत सहावा जिन्नस ठेवला, काजू. डाळिंबाचे दाणे, कोवळा मका, सूर्यफुलाच्या बिया, शेंगदाणे आणि हिरवी मिरची आधीच मांडून झाली होती. पिंजऱ्यातल्या राखी पोपटानं एकवार बघितलं आणि मान फिरवली.

पक्ष्यांच्या दुकानातल्या माणसानं सगळं रीतसर सांगितलं होतं. "पावणं, पाखराला उपाशीपोटी धा जिनसा दावा. पयलं ज्याला चोच लावंल, ते त्याचं बक्षीस. बोलला तरच द्यायचं, एरवी न्हाय." शाहूपुरीत जन्मभर दुकान चालवलेल्या चन्नाप्पांना हा व्यवहार लगेच पटला. पण इथं गिऱ्हाईकच अडून बसलं होतं.

लेक सौंदर्या गेल्यापासून पोपट बोलला नव्हता. दोन महिने झाले. कागलजवळ हायवेवर गाडीबरोबर पोरीचा मोबाईलही चिरडला. तिचा आवाज उरला होता तो ह्या पाखराच्या गळ्यात, कारण ते हुबेहूब तिच्यासारखं बोलायचं. तो आवाज चन्नाप्पांना एकदा ऐकायचा होता. त्यापायी त्यांना अन्न गोड लागत नव्हतं.

"ती काय घालायची गं ह्याला?" त्यांनी बायकोला विचारलं. हे ते रोजच विचारत.

महादेवी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. एरवी ती मान खाली घालून आत जाई. आज गेली नाही.

"अंडं," ती म्हणाली. "उकडलेलं. कोपऱ्यावरच्या गाडीवरनं आणायची. मला ठावं व्हतं."

चन्नाप्पांच्या लिंगायत घरात अंडं उंबऱ्याच्या आत चालत नव्हतं. एकदा केकमध्ये अंडं आहे असं कळल्यावर त्यांनी तो उचलून सरळ गटारात टाकला होता. सौंदर्याचा दहावा वाढदिवस होता. पोरगी रडली नाही, आणि त्याचं तेव्हा त्यांना कौतुकच वाटलं होतं.

"आण जा," ते म्हणाले.

"आणलंय."

तिनं पदराखालून कागदाची पुडी काढली. चन्नाप्पांनी गळ्यातलं इष्टलिंग सदऱ्याच्या आत सारलं आणि अंड्याचा तुकडा दोन बोटांत धरून जाळीशी नेला. पोपट दांडीवरून सरसर पुढं आला, त्यानं तुकडा अलगद घेतला आणि गिळला.

मग तो बोलला. सौंदर्याच्याच आवाजात, पण अगदी हळू.

"आप्पास्नी सांगायचं न्हाय हं."

महादेवीनं पदर तोंडात कोंबला.

चन्नाप्पांनी घाईघाईनं दुसरा तुकडा मोडला आणि जाळीला तोंड लावलं.

"परत म्हण की," ते म्हणाले. "परत म्हण."